एका हाताचं काम

फोन आला तेव्हा मी कुरुंद्याला, माझ्या भावाच्या शेतात होते. हळद शिजवायचं काम चालू होतं. वाफेनं चष्मा धुरकटला होता आणि मी पदरानं तोंड झाकून शिजलेल्या हळकुंडात काडी खुपसून बघत होते. माझे यजमान विलास दिवसा कधी फोन करत नाहीत. कळमनुरीत त्यांचं पाण्याच्या मोटारींची वायंडिंग भरून द्यायचं दुकान आहे, दिवसभर हात तांब्याच्या तारेत गुंतलेले असतात. त्यामुळं नाव दिसल्याबरोबर मी काडी टाकून फोन उचलला. "तू निघ," एवढंच ते म्हणाले. काय झालं विचारलं तर नुसतं "आण्णा..." म्हणाले. मी फोन भावाच्या हातात दिला.

आण्णा म्हणजे विलासचे वडील, माझे सासरे. आमच्याकडं सासऱ्याला मामा म्हणतात आणि सासूला आत्या. इथंही मी तसंच म्हणणार आहे, कारण सासरे हा शब्द त्यांच्यासाठी माझ्या तोंडात कधी बसलाच नाही. त्या दिवशी सकाळी त्यांनी चहा घेतला, दोन बिस्किटं बुडवून खाल्ली आणि नेहमीच्या खुर्चीत कामाला बसले. आत्या मागच्या अंगणात कपडे वाळू घालायला गेल्या. परत आल्या तर मामांचं डोकं भिंतीला टेकलेलं होतं. झोप लागली असेल असं त्यांना वाटलं, म्हणून त्या पाय न वाजवता स्वयंपाकघरात गेल्या. ही गोष्ट त्या अजून कुणालाही सांगतात, आणि सांगताना "म्या पाय वाजवला न्हाई गं" एवढंच पुन्हा पुन्हा म्हणतात.

आदल्या दिवशी संध्याकाळी मी निघताना मामा दारापर्यंत आले होते. उजवा पाय जरा ओढत, डाव्या हातानं भिंत धरत. "दोन दिवसांत येते," मी म्हटलं. "ये," ते म्हणाले, "खोके कमी हायेत." बस, एवढंच. शेवटच्या भेटीत माणसं काहीतरी मोठं बोलून जातात असं लोक सांगतात. आमच्यात खोक्यांचं बोलणं झालं, आणि मला त्याचं वाईट वाटत नाही. आमचं सगळं नातंच खोक्यांवरून जुळलेलं होतं.

गावात मामांना सगळे किसन टेलर म्हणायचे. शाळेचे शर्ट-चड्ड्या, म्हाताऱ्या माणसांचे पायजमे, बंड्या, असं शिवायचे. पण त्यांची खरी ओळख होती पोस्टासमोरच्या ओट्यावरची. ज्या काळात पार्सल कापडात शिवूनच द्यावं लागायचं, त्या काळात ते मशीन घरी ठेवून, एक सुई, दोऱ्याची गुंडी आणि मांजरपाटाचा तागा घेऊन त्या ओट्यावर बसायचे. फौजेतल्या पोराला लाडू पाठवायचे असोत, की दूर दिलेल्या लेकीला बाळंतविडा, माणसं डबा घेऊन आधी मामांकडं यायची. मामा डबा हातात घेऊन हलवून बघायचे. आत काय आहे, कुठं चाललंय, हे विचारल्याशिवाय सुई धरायचे नाहीत. डबा गच्च असेल तर टाके लांब, आत काही हालत असेल तर टाके जवळजवळ. मग वर लाखेचा ठिपका. "माझं पार्सल उसवून वापस आलं न्हाई कधी," हे वाक्य मी लग्न होऊन आले त्या पहिल्या आठवड्यातच ऐकलं होतं. तोवर कापडी पार्सलं बंद पडली होती, ओटाही सुटला होता. पण सांगताना ते आत्ताच तिथून उठून आल्यासारखे सांगायचे.

मग एका सकाळी त्यांना लकवा मारला. उजवी बाजू गेली. पाय थोडाफार परत आला, वाचाही अडखळत का होईना आली, पण हात आला नाही. टेलरचा उजवा हात... मी अजून काय सांगू? दवाखान्यातून आणलं त्या दिवशी त्यांनी बाज घराच्या पुढच्या खोलीत टाकायला लावली आणि शिलाई मशीनकडं पाठ करून निजले. व्यायामासाठी रबरी चेंडू दिला होता, तो दाबायचा. त्यांनी तो एकदाही दाबला नाही. कुणी भेटायला आलं की उजवा हात चादरीखाली जायचा. वर्षभर घरात त्यांचा आवाज म्हणजे "पाणी", "न्हाई" आणि "व्हय", एवढाच. आत्या तेल लावून हात चोळायच्या, चोळता चोळता सगळ्या गावाच्या गोष्टी सांगायच्या, आणि ते छताकडं बघत राहायचे.

त्याच वर्षी मी हळद विकायला सुरुवात केली. भावाकडची हळद दळून, अर्ध्या किलोच्या पाकिटांत भरून, पुण्याच्या माझ्या मावसबहिणीला पाठवली; तिनं मोबाईलवर तिच्या सोसायटीतल्या बायकांना सांगितलं; आणि बघता बघता आठवड्याला दहा-बारा खोकी जायला लागली. कुरिअरवाला आमच्या दारावरून जायचा, ती एक सोय होती. पण मला पॅकिंगचं काहीच येत नव्हतं. दातानं टेप तोडायची, तो बोटाला चिकटायचा, केसाला चिकटायचा, खोक्याला सोडून सगळीकडं चिकटायचा. विलास एकदा हिंगोलीहून टेपगन घेऊन आले. बंदुकीसारखी मूठ, तिच्यावर टेपचा रोल बसवायचं चाक, पुढं रबराचं छोटं लाटणं आणि त्याच्याही पुढं करवतीसारखं दातेरी पातं. दुकानदारानं रोल बसवूनच दिला होता. तो संपेपर्यंत मी राणी होते. खर्रर्र आवाज करत खोक्यावरून ओढायची, मनगट वळवलं की टेप कटकन तुटायचा.

रोल संपला आणि माझं राज्यही संपलं. नवा रोल बसवायला गेले तर टेप पुढं येण्याऐवजी रबरालाच गुंडाळला जायला लागला. काढला, पुन्हा बसवला, पुन्हा गुंडाळला. त्यातच सकाळी दोन पार्सलं परत आली होती. तळाचा टेप सुटून पाकिटं बाहेर, एक पाकीट फुटून खोकं आतून बाहेरून पिवळं. ते मागवणाऱ्या बाईनं पैसे परत मागितले नव्हते, पण तिनं लिहिलेलं मला जास्त लागलं. लिहिलं होतं, 'घरगुती म्हणून घेतलं, पण एवढं घरगुती नको.' मामांच्या बाजेजवळ फरशीवर बसून मी त्या टेपगनशी झटत होते, तेवढ्यात पात्याचे दाते अंगठ्यात घुसले. मी ती फेकलीच. रक्त पुसत, रडत बसले. खोलीत दुसरं कुणी नाही असंच मी धरून चालले होते.

"उ...लटं," मागून आवाज आला.

मी वळले. मामा कुशीवर झाले होते आणि टेपगनकडं बघत होते. वर्षभरात त्या तीन शब्दांपलीकडं त्यांनी काढलेला तो पहिला शब्द. "काय उलटं, मामा?" मी विचारलं. त्यांनी डावा हात पुढं केला आणि बोटं हलवली. इकडं दे. मी टेपगन उचलून दिली. ते उठून बसले, कुणाचा आधार न घेता. टेपगन दोन्ही गुडघ्यांच्या मध्ये आवळून धरली, डाव्या हातानं रोल उपसून काढला, फिरवून उलट्या बाजूनं चाकावर दाबला. मग खूप वेळ नुसतं बघत राहिले... चाकाकडं, रबराकडं, पात्याकडं. मला ते बघणं ओळखीचं वाटलं. नवीन मशीन घरात आली की तिचा दोरा कुठून कुठं जातो, हे ते असंच बघायचे. गुंडीवरून कडीत, कडीतून खाली, तिथून सुईत.

"दोरा," ते म्हणाले. "दोरा... कुठून जातो... ते बघ."

चिकट बाजू रबराकडं जाता कामा नये, ती खोक्याकडं पाहिजे. एवढीच गोष्ट. टेपचं टोक रबर आणि समोरचा पातळ पत्रा यांच्यामधल्या फटीतून पुढं काढायचं. दोन हाताच्या माणसाला ते सोपं. एक हात धरतो, दुसरा ओढतो. मामांचं टोक सारखं बोटालाच चिकटून मागं यायचं. चार वेळा आलं. मी मदतीला हात पुढं केला, तर त्यांनी कोपरानं ढकलला. पाचव्या वेळी त्यांनी टोक बोटभर आत दुमडलं, चिकट बाजूवर चिकट बाजू, आणि अंगठ्याच्या नखानं दाबून ताठ केलं. सुईत ओवताना दोऱ्याला थुंकी लावून टोक पिळतात, तसं. ती ताठ जीभ फटीतून सरकन पुढं आली. त्यांनी ती दातात धरली आणि ओढली. मग डाव्या हातानं मूठ धरून शेजारच्या रिकाम्या खोक्यावर टेपगन टेकवली आणि ओढली. खर्रर्र... आणि कट. पट्टी वाकडी बसली होती. मामा हसले. तोंडही वाकडंच हसलं, लकव्यामुळं. आत्या स्वयंपाकघरातून धावत आल्या, "काय पडलं गं?" म्हणत. मामांना हसताना बघून त्या दारातच खाली बसल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी बाज भिंतीला लावायला सांगितली आणि खुर्ची मागवली.

मग मात्र त्यांनी मला शिकवायला घेतलं. शिकवणं कसलं, जाच होता तो. परत आलेल्या खोक्यावर त्यांनी डाव्या हाताचा अंगठा फिरवला आणि माझ्यासमोर धरला. अंगठा पिवळा. "धुरळा," ते म्हणाले. तेव्हा कुठं माझ्या डोक्यात उजेड पडला. मी ज्या खोलीत हळद भरायची त्याच खोलीत टेप लावायची. खोक्यावर न दिसणारी हळदीची पूड बसलेली असायची आणि टेप खोक्याला न चिकटता त्या पुडीलाच चिकटायचा. त्या दिवसापासून भरायचं काम मागच्या पडवीत आणि टेपचं काम पुढच्या खोलीत. प्रत्येक खोकं कोरड्या फडक्यानं पुसायचं. हळदीच्या हातानं टेपला शिवायचं नाही, हा त्यांचा कायदा. टेपचं टोक खोक्याच्या बाजूवरून चार बोटं खाली उतरलंच पाहिजे. तीन चालत नाहीत. ते माझी बोटं टेकवून मोजायला लावायचे. मधल्या फटीवर एक पट्टी, दोन्ही कडांवर एकेक, आणि लावल्यावर तळहातानं घासून दाबायची, इस्त्री फिरवल्यासारखी. चाकावरचा स्क्रू सैल झाला की रोल भसाभस सुटतो आणि पट्टीला सुरकुत्या पडतात. फार आवळला की टेप ताणला जातो आणि गावी पोचेपर्यंत आखडून सुटतो. मामा तो स्क्रू कानानं लावायचे. खर्रर्र असा आवाज सरळ, न अडखळता आला पाहिजे. "ऐक," म्हणायचे, "रडून राहिला." म्हणजे स्क्रू आवळलाय.

शब्दही परत येऊन राहिले होते. आधी कामाचे आले: खोकं, कड, दाब, पूस. मग गावांची नावं आली, कारण पत्ता वाचून दाखवल्याशिवाय ते खोकं हातावेगळं करायचे नाहीत. नाशिक, सोलापूर, इचलकरंजी असं ते अडखळत उच्चारायचे, जमलं की माझ्याकडं बघायचे. उजवा हात मात्र मांडीवर तसाच पडून राहायचा. पण आता तो चादरीखाली जात नव्हता.

आता मला माझी चूक सांगायची आहे. ती सांगितल्याशिवाय हे लिहिण्यात काही अर्थ नाही.

आत्यांचे मोठे भाऊ डोंगरकड्याला असतात. मामांची तब्येत बघायला म्हणून ते आले, आणि नेमके त्या दिवशी वीस खोकी जायची होती. मामा खुर्चीत बसून, गुडघ्यात खोकं धरून पट्ट्या ओढत होते. कपाळाला घाम होता. त्यांनी मेहुण्याला बघून मान हलवली आणि हातातलं खोकं पुरं केलं, मगच टेपगन खाली ठेवली. पाहुणे त्यांच्याशी चार शब्द बोलले. नंतर अंगणात आत्यांजवळ म्हणाले, "लकव्याचा माणूस हाय तो. त्याला काहून कामाला लावलंय? लोकं काय म्हणतील? सून बसून हाय अन् सासरा राबून राहिलाय." मी चहा घेऊन दाराच्या आत उभी होते. मी कपबशी तिथंच खाली ठेवली.

त्या माणसाचा मला राग यायला हवा होता. आला नाही. लाज वाटली. मला वाटलं, खरंच की... मी माझ्या सोयीसाठी एका आजारी माणसाला बसवलंय, आणि त्याला बरं वाटतं असं स्वतःला सांगत बसले आहे. पाहुणे गेल्यावर मी टेपगन उचलली आणि आतल्या खोलीतल्या कपाटावर ठेवली. "मामा, आता तुमी आराम करा," मी म्हटलं. "मी करते हळूहळू. तुमाला तकलीफ नको." मामांनी माझ्याकडं बघितलं. काही म्हणाले नाहीत. मी तो होकार समजले.

आठ-दहा दिवस गेले. मी कामं उरकून दुपारी एकटीच आतल्या खोलीत दार लोटून टेप लावायची, आवाज बाहेर जाऊ नये म्हणून हळूहळू ओढायची, आणि झालं की टेपगन परत कपाटावर. मामांच्या ताटातली भाकरी निम्मी परत यायला लागली. शब्द पुन्हा तीनावर आले. पाणी, न्हाई, व्हय. एक दिवस कुणीतरी शेजारचं आलं आणि मी बघितलं, उजवा हात हळूच चादरीखाली गेला. तरीसुद्धा माझ्या लक्षात आलं नाही. म्हणजे आलं, पण मी ते आलेलं मानलं नाही. लोकांचं बोलणं मला मामांच्या हातापेक्षा मोठं वाटलं.

त्या दिवशी मी कुरिअरच्या ऑफिसात एका हरवलेल्या पार्सलची चौकशी करायला गेले होते. परत आले तर आत्यांचा रडण्याचा आवाज दारापर्यंत येत होता. आतल्या खोलीत मामा फरशीवर पडले होते, शेजारी स्टूल आडवं. कपाळाला खोक पडून रक्त आलं होतं. एका पायानं, एका हातानं ते स्टुलावर चढले होते, कपाटावरून टेपगन काढली होती, आणि उतरताना तोल गेला होता. टेपगन त्यांच्या डाव्या हातात होती. पडताना त्यांनी ती सोडली नव्हती, म्हणून हात टेकता आला नाही आणि डोकं टेकलं. आत्या एकीकडं पदरानं रक्त दाबत होत्या आणि एकीकडं ओरडत होत्या, "काय कमी पडलं व्हतं तुमाला? बसून खायचं सोडून काहून चढलात?"

मी त्यांच्याजवळ बसले. म्हटलं, "मामा, मला सांगायचं व्हतं. मी दिली असती काढून."

त्यांनी आधी आत्यांकडं बघितलं, मग माझ्याकडं. वाक्य जमवायला त्यांना वेळ लागला. आम्ही दोघी थांबलो. आत्यांचं ओरडणंही थांबलं.

"मला..." ते म्हणाले, "मला इचारलं का... कुणी?"

टेपगन कपाटावर ठेवताना मी त्यांना विचारलं नव्हतं. पाहुण्यांनी विचारलं नव्हतं. आजार झाल्यापासून आम्ही सगळे त्यांच्याबद्दल एकमेकांना विचारत होतो; जेवले का, झोपले का, औषध दिलं का... त्यांच्यासमोर, त्यांना सोडून. आत्यांनी उठून मामांचं तोंड पुसलं, जखमेत हळद दाबली (घरात तिला काय तोटा!), आणि मला म्हणाल्या, "खुर्ची आन बाहेर. पुढच्या खोलीत ठेव. उजेडात."

तीन टाके पडले. डॉक्टर टाके घालत असताना मामा त्याच्या हाताकडं डोळे वर करून बघायचा प्रयत्न करत होते. घरी आल्यावर मला म्हणाले, "लांब... घातले. जवळ पाह्यजे व्हते."

पुढच्या खेपेला डोंगरकड्याचे पाहुणे आले, तेव्हा मामा खुर्चीत, आणि आम्ही घाईत. पाहुण्यांनी तोंड उघडायच्या आधीच आत्या म्हणाल्या, "दादा, त्यांनाच इचारा." पाहुण्यांनी मामांकडं बघितलं. मामांनी शांतपणे एक खोकं त्यांच्यापुढं सरकवलं आणि म्हणाले, "धरा." खोक्याच्या वरच्या दोन्ही पाकळ्या कुणी दाबून धरल्या तर एका हातानं पट्टी सरळ बसते. पाहुणे घोटाळले, मग खाली बसले आणि त्यांनी पाकळ्या धरल्या. दुपारच्या जेवणापर्यंत ते धरूनच होते. जाताना आत्यांना म्हणाले, "लई कडक माणूस हाय. माझं बोटच चिकटवलं व्हतं टेपात." त्यानंतर दर खेपेला ते आल्याबरोबर हात धुऊन बसायचे.

पुण्याच्या एका बाईनं नातवाच्या बारशाला आलेल्यांना द्यायला म्हणून एकदम चाळीस खोकी मागवली, तो आमचा सगळ्यात मोठा आठवडा. हीच ती बाई, जिनं मला 'एवढं घरगुती नको' असं लिहिलं होतं. पुन्हा आमच्याकडं का आली ते मी विचारलं नाही, बहुतेक मावसबहिणीनं भरीला घातलं असणार. मामांनी चाळीसच्या चाळीस एकट्यानं लावली. दोन दिवस लागले. स्वतःची एक पट्टी जरी वाकडी वाटली तरी ती काढून पुन्हा. खोकी पोचल्यावर बाईचा आवाजी निरोप आला. मी तो मामांना मोबाईल कानाला लावून ऐकवला. ती म्हणत होती, "अहो ताई, कात्री मिळेपर्यंत खोकं उघडेना, पाहुण्यांसमोर आम्ही सगळे झटतोय!" मामांनी तो निरोप तीनदा ऐकला. मग संध्याकाळी विलास आल्यावर मला म्हणाले, "ह्याला ऐकव." आणि विलास ऐकत असताना त्यांच्या तोंडाकडं बघत बसले. विलास मला नंतर म्हणाले, "शाळेत पहिला नंबर आला व्हता तव्हा मी असाच बघत व्हतो आण्णाकडं."

अशी दोन वर्षं गेली. ती दोन वर्षं मला मिळाली, नाहीतर मी त्या घरात सासऱ्याशी चार शब्द बोलणारी एक सून म्हणून राहिले असते. ते गेले त्या सकाळी खुर्चीजवळ सहा खोकी तयार होती. सातव्याची मधली पट्टी झाली होती, कडा राहिल्या होत्या. विलासनं ती सहा खोकी त्याच संध्याकाळी कुरिअरला दिली. लोकांना ते विचित्र वाटलं असेल. मला बरोबर वाटलं.

चौदावं झालं, पाहुणे पांगले. मागणीची यादी लांबत चालली होती. विलास म्हणाले, महिनाभर बंद ठेव, लोक समजून घेतील. मी पण तसंच ठरवलं होतं. पुढच्या खोलीत जायला पाय उचलत नव्हता. मग एका दुपारी मी मागच्या पडवीत असताना पुढून आवाज आला. खर्रर्र... आणि कट. सरळ, न अडखळता. मी हातातलं टाकून पुढं गेले.

आत्या मामांच्या खुर्चीत बसल्या होत्या. या बाईनं दोन वर्षांत एकदाही टेपगनला हात लावला नव्हता. फडक्यानं खोकी पुसून द्यायची, पाणी द्यायचं, आणि बघत बसायचं, एवढंच. माझ्याकडं न बघता त्यांनी नवा रोल घेतला. जुना संपला होता. टेपगन दोन्ही गुडघ्यांत आवळली, डाव्या हातानं रोल चाकावर दाबला, डाव्याच हातानं टोक बोटभर दुमडलं, नखानं ताठ केलं, फटीतून पुढं काढलं आणि दातात धरून ओढलं. उजवा हात मांडीवर पडलेला होता.

"आत्या," मी म्हटलं, "तुमचा उजवा हात चांगला हाय की. दोन्ही हातानं करा, सोपं जातंय."

त्यांनी मांडीवरच्या हाताकडं बघितलं, तो तिथं आहे हे आत्ताच कळल्यासारखं. थोडा वेळ उचलूनही बघितला. मग पुन्हा मांडीवर ठेवला.

"मला असंच येतंय," त्या म्हणाल्या. "असंच बघितलं म्या." आणि समोरचं खोकं पुसून माझ्यापुढं केलं. "धर. पाकळ्या दाबून धर."

मी खाली बसले आणि धरल्या. त्यांनी पट्टी ओढली, बाजूवरून खाली उतरवली, थांबून चार बोटं टेकवली आणि कापली.